निर्मातीच्या नावावर

बहारीनहून परतल्यावर मी आमच्या चर्चच्या मासिकात एक लेख लिहिला होता. सौदीला जाणारा समुद्रावरचा लांबलचक पूल, वाळवंटात एकटंच उभं असलेलं जुनं झाड, खाऱ्या समुद्राच्या तळातून फुटणारे गोड्या पाण्याचे झरे, असं सगळं त्यात होतं. लोकांना तो आवडला. वसईच्या बाजारात एकदोघांनी मुद्दाम थांबवून "नाना, आणखी लिहा की" म्हटलं. मी हसून वेळ मारून नेली. त्या लेखात एकही वाक्य खोटं नव्हतं. पण ज्या बाईंमुळे तो प्रवास माझ्या मनात राहिला, त्यांचं नावसुद्धा त्यात नव्हतं.

परवा लीनाचा, माझ्या मुलीचा, मनामाहून फोन आला. मुलांच्या परीक्षा, टोनीची बदली, असं सगळं झाल्यावर ती म्हणाली, "आणि पप्पा, जोसी सांगत होती, ती फिलिपिनो प्रोड्यूसर वारली म्हणे मनिलात. नेनिताला शोकेसमध्ये लटकवलं होतं बघा, तीच."

मी "हं" म्हटलं आणि फोन ठेवला.

नेनिताला त्या बाईंनी लटकवलं नव्हतं. खरं काय झालं हे सांगू शकणारे आता दोघेच उरलो आहोत, फोटो स्टुडिओवाला हनीफ आणि मी. हनीफला कुणी विचारायला जाणार नाही. म्हणून तो प्रवास पुन्हा लिहितो. यातलं काही लीनालाही इथेच कळेल.

झिंज

बायको गेल्यानंतरचा तो पहिला हिवाळा होता. लीनाने तिकीट पाठवून मला बोलावून घेतलं. ती तिथल्या हॉस्पिटलात नर्स आणि जावई टोनी हॉटेलात. मनामातल्या झिंज भागात त्यांचा फ्लॅट होता. दोघांच्या शिफ्ट अशा, की एक दारातून आत आला की दुसरा चपला घालायचा. नातवंडं ईसा टाउनच्या शाळेतून बसने यायची. मी विचारायचो, "जेवलास का रे?" उत्तर यायचं, "येस ग्रँडपा." मराठी सगळं कळायचं, पण तोंडातून फुटायचं नाही. मग तीही दार लावून अभ्यासाला बसायची आणि मी गॅलरीत.

वाळवंटातल्या थंडीची आपल्याकडे कल्पना येत नाही. आभाळ मळक्या चादरीसारखं, वारा कोरडा आणि बोचरा. खाली एक छोटं दुकान होतं. अशा दुकानाला तिथे कोल्ड स्टोअर म्हणतात, मग त्यात गरम समोसे का मिळेनात. शेजारी भट्टी. भट्टीवाला पोळीएवढ्या रुंद रोट्या भट्टीच्या भिंतीला थापायचा आणि आकड्याने ओढून काढायचा. कागदात गुंडाळलेली ती रोटी छातीशी धरून मी जिना चढायचो. दिवसातली तेवढीच ऊब. मासळी भरपूर, पण आमच्या पाचूबंदरच्या बोंबलाची चव तिथल्या हामूर माशाला नाही, असं मी रोज म्हणायचो आणि लीना रोज ऐकून घ्यायची.

माझी हयात मुंबईच्या स्टुडिओंमध्ये प्रॉडक्शन मॅनेजर म्हणून गेली. प्रॉडक्शन मॅनेजर म्हणजे हिरोला गाडी, हिरॉइनला सावली, डायरेक्टरला हवा तेव्हा हत्ती आणि निर्मात्याची चौकशी करणाऱ्यांना "साहेब आत्ताच बाहेर पडले" असं सांगणारा माणूस. रिटायर झाल्यावर ते सगळं एकदम थांबलं. झिंजच्या गॅलरीत बसून मी समोरच्या इमारतीवर गालिचे झटकणाऱ्या बायका बघायचो आणि मनातल्या मनात लाइट कुठे लावावा याचा विचार करायचो.

चर्चचं आवार

तिथे सुट्टी शुक्रवारी, म्हणून रविवारचा मिस्सा, आमची चर्चमधली मुख्य प्रार्थना, तोही शुक्रवारी. एकाच चर्चमध्ये ओळीने वेगवेगळ्या भाषांतले मिस्से. मल्याळी लोक बाहेर पडेपर्यंत फिलिपिनो आवारात जमलेले असत. त्यांच्या बायका नटूनथटून यायच्या, डबे उघडायच्या, हसायच्या, आणि निघायची वेळ झाली की सगळ्यांचे चेहरे एकदम उतरायचे. बहुतेक जणी घरकामाला होत्या. आठवड्यातले तेवढेच तास त्यांचे स्वतःचे.

जोसी ही लीनाच्या वॉर्डातली फिलिपिनो नर्स. तिने मला हाताला धरून एका बुटक्या, साठीच्या बाईंसमोर उभं केलं. एका हातात छत्री, दुसऱ्यात भाताचं भलंमोठं पातेलं.

"आते रेमी, हे लीनाचे वडील. बॉम्बे सिनेमा!"

आते म्हणजे त्यांच्याकडे थोरली बहीण. लहानथोर सगळे त्यांना तेच म्हणत. बाईंनी मला आपादमस्तक न्याहाळलं. आमचं बोलणं मोडक्या इंग्रजीत झालं, इथे मराठीत देतो.

"बॉम्बे? तुमच्याकडे गाणं आलं की सगळे डोंगरावर पळतात. शवपेटी कुठे मिळेल, सांगता येईल का?"

"कुणासाठी?"

"माझ्या हिरॉइनसाठी. अजून जिवंत आहे, फार घाई नाही."

त्या मनिलातल्या चित्रपट निर्मात्या होत्या. एक लहानसं युनिट घेऊन शूटिंगला आल्या होत्या. गोष्ट साधी होती. एक मुलगी घरकामाला आखातात येते आणि शेवटी पेटीतून परत जाते. "आमच्या प्रत्येक गावात अशी एक तरी पेटी आलेली असते," त्या म्हणाल्या, आणि पुढच्याच क्षणी कुणालातरी ओरडल्या, "अगं, भात वाढ! उपाशीपोटी कुणी रडू शकत नाही!"

आमच्या मुंबईचे निर्माते मला ठाऊक. मुहूर्ताला पांढरे कपडे घालून नारळ फोडायचे, मग पिक्चर लागेपर्यंत त्यांचं दर्शन नाही. आते रेमी रोज युनिटच्या आधी हजर. व्हिनेगर, लसूण आणि तमालपत्रात शिजवलेली कोंबडी स्वतः करायच्या. आमच्या विंदालूची धाकटी बहीण म्हणावी, फक्त तिखट विसरलेली. कॅमेरामनच्या बायकोला दिवस गेलेत, मेकअपवालीचा भाऊ तुरुंगात आहे, सगळं त्यांना माहीत. डायरेक्टर तरुण होता, हुशार होता, शॉटसाठी जीव टाकायचा. पण गोष्टीचा शेवट काय ठेवायचा हे ठरवणार आते रेमी. एकदा त्याने कुरकुर केली, तेव्हा म्हणाल्या, "पिक्चर चांगलं झालं तर तुझं. वाईट झालं तर लोक माझ्या दारावर येतात. मग दार कुठे ठेवायचं, मला ठरवू दे."

मी मदत करायला तयार झालो. टोनी घाबरला. "पप्पा, तुम्ही व्हिजिट व्हिसावर आहात. काम करता येत नाही. कुणी पकडलं तर तुमचा स्पॉन्सर म्हणून मला धरतील."

"काम कसलं, नुसता खुर्चीवर बसतो," मी म्हटलं. खरं तर मी पुन्हा जिवंत झालो होतो.

सलमाबाद

सलमाबाद हा कारखान्यांचा भाग. गोदामं, गॅरेजं, वेल्डिंगच्या ठिणग्या आणि त्यांच्यामध्येच कामगारांच्या राहण्याच्या खोल्या. दोरीवर वाळत घातलेल्या लुंग्या आणि कामावरच्या डांगऱ्या यांवरून देश ओळखावा. शुक्रवारी यंत्रं बंद असतात. एका सुतारकामाच्या शेडमध्ये मी शवपेटी करवून घेतली होती. शूटिंगचे स्टिल फोटो काढायला मनामाच्या बाजारातला हनीफ होता. रत्नागिरीकडचा. मी मराठीत हाक मारली तसा त्याने कॅमेरा खाली ठेवून माझे दोन्ही हात धरले होते.

त्या दिवशी हिरॉइन पेटीजवळ आली, आत बघितलं आणि मागे सरली. "मी नाही झोपणार. आई जिवंत आहे माझी." डायरेक्टरने समजावलं, रागावला, पाया पडायचा बाकी राहिला. ती काही ऐकेना.

तेव्हा भात वाढणारी एक मुलगी पुढे आली. नेनिता. दर शुक्रवारी मिस्सा झाला की ती आते रेमींच्या हाताखाली यायची. एका स्थानिक घरात ती आजारी आजीबाईंची शुश्रूषा करायची. रजेवर गावी जाऊन पुन्हा त्याच घरी यायचं हे तिचं ठरलेलं होतं. तिच्या धाकट्या बहिणीचं नर्सिंगचं शिक्षण तिच्या जिवावर चाललं होतं. "मी झोपते," ती म्हणाली. "मला दमायला झालंय, बरंच वाटेल."

सगळे हसले. आते रेमी हसल्या नाहीत.

"तुझ्या मॅडमना माहीत आहे का, तू इथे आहेस ते?"

"मॅडमना माहीत आहे मी चर्चमध्ये आहे."

"मग चेहरा दिसता कामा नये." त्या डायरेक्टरकडे वळल्या. "जाळी टाक तोंडावर. वरून घे. फक्त हात आणि माळ. ऐकलंस? चेहरा दिसला तर मी तो शॉट कापेन."

हे त्यांचे शब्द मी मुद्दाम लिहितो आहे. पुढे लोकांनी याच्या नेमकं उलटं बाईंच्या नावावर लावलं.

शॉट झाला. पांढऱ्या जाळीखाली नेनिता निजली होती, बोटांत जपमाळ. शेडच्या दाराशी आपले, बंगाली, पाकिस्तानी कामगार जमले होते. एकाने डोक्यावरची टोपी काढली, मग बाकीच्यांनी काढली. शूटिंग आहे हे त्यांना दिसत होतं, तरी काढली. हिरॉइन कोपऱ्यात हुंदके द्यायला लागली. डायरेक्टर "कट" म्हणाला तेव्हा त्याचाही आवाज फाटला होता.

आता माझी गोष्ट. मी ज्या युनिटांत वाढलो, तिथे एक रीत होती. नट मेल्याचा शॉट झाला की त्याने तिथल्या तिथे उठून बसायचं, हसायचं, आणि त्या हसण्याचा एक फोटो काढायचा. म्हणजे मरण खोटं ठरतं. ही रीत मोडून नटाला घरी जाऊ दिलं असं मी कधी होऊ दिलं नव्हतं. मी ओरडलो, "थांबा, कुणी हलू नका! हनीफ, कॅमेरा!" आणि पेटीजवळ जाऊन नेनिताला म्हटलं, "ऊठ बाय. हस आता. मोठ्यांदा."

ती उठून बसली, जाळी बाजूला केली. पण हसू येईना. मग मी माझी कवळी जिभेने पुढे ढकलून दाखवली. नातवंडांना हसवायला करायचो तसं. ती अशी खदखदून हसली, की पेटीची कड धरून मागे रेलली. तेवढ्यात हनीफने फोटो काढला.

आते रेमींना ही रीत फार आवडली. त्यांचीही एक होती. मयताच्या ठिकाणाहून सरळ घरी जायचं नाही, वाटेत कुठेतरी थांबायचं, म्हणजे मरण पाठलाग करत आलं तर तिथेच चुकतं. आमच्याकडे मयताहून आलं की आंघोळ करून मोकळे होतो. त्यांनी सगळं युनिट रस्त्यावरच्या चहाच्या टपरीवर नेलं. वेलची घातलेला दाट, गोड चहा. नेनिता मुलांसारखी कप दोन्ही हातांत धरून बसली होती.

"तुमचं हसणं, आमचा चहा," आते रेमी म्हणाल्या. "आता मरण येणार तरी कुठल्या रस्त्याने?"

मनामाचा बाजार

बाब अल बहरैनच्या कमानीतून आत गेलं की बाजाराच्या गल्ल्या लागतात. सोनं, मसाले, कापड, घड्याळं. तिथे एका बोळात हनीफचा स्टुडिओ होता. काही दिवसांनी मी फोटो बघायला गेलो. त्याने चहा मागवला आणि एक मोठा करून घेतलेला फोटो माझ्यासमोर ठेवला.

"काय हो काका, बघितलात काय? काय हसलीय पोरगी! हयातीत असा फोटो मिळाला नाही मला."

खरंच तसा तो फोटो होता. पेटीची कड, ढळलेली जाळी आणि तिच्यामधून वर आलेला तो चेहरा. कुणाच्याही चेहऱ्यावर मी असा आनंद बघितला नव्हता.

"शोकेसला लावू काय?" हनीफने विचारलं. "प्रोड्यूसरबाईंना विचारायला पायजे ना?"

मी म्हणालो, "त्यांना काय विचारायचंय? लाव की. प्रॉडक्शनचं मी बघतो."

असं मी म्हणालो. त्या खुर्चीत बसून, त्याचा चहा पीत. पुष्कळ वर्षांनी कुणीतरी मला परवानगी मागत होतं, आणि ती देताना मला बरं वाटलं. चेहरा दिसता कामा नये, हे मला आठवलं नाही असं मी स्वतःला सांगत आलो. आठवलं होतं. पिक्चरमध्ये दिसायला नको, हा तर फोटो आहे, एवढा विचारसुद्धा मी केला होता.

नेनिताच्या मॅडम मुलांचे पासपोर्टचे फोटो काढायला त्याच स्टुडिओत आल्या.

पुढचं मला जोसीकडून कळलं. मॅडमना खोट्याचा राग आला होताच, पण मुख्य राग हसण्याचा होता. घरात सासूबाई अंथरुणाला खिळलेल्या. त्यांना जेवण भरवणारी मुलगी प्रार्थनेच्या दिवशी खोटं सांगून बाहेर पडते, आणि शवपेटीत बसून हसते. हे हसणं कुणावर? घरातल्या माणसांनी काय समजायचं? त्यांनी व्हिसा रद्द करायचं ठरवलं. मला त्या बाई दुष्ट वाटल्या नाहीत, आजही वाटत नाहीत. आपल्या घरी असं झालं असतं तर आपण काय केलं असतं?

आते रेमी दुसऱ्या दिवशी त्यांच्या घरी गेल्या. परत येताना त्या झिंजला आमच्याकडे आल्या. छत्री दाराशी टेकवून खुर्चीच्या कडेवर बसल्या.

"मी सांगितलं, ही एक रीत आहे, मरण टळावं म्हणून हसवतात. त्या म्हणाल्या, तुम्ही सिनेमावाल्या, काहीही सांगाल. मग म्हणाल्या, तिला हसायला सांगणारा तो म्हातारा खरंच असेल तर त्याला घेऊन या. त्याच्या वयाच्या माणसाचं मी ऐकेन." त्या थांबल्या. "उद्या सकाळी याल माझ्याबरोबर? व्हिसाचं काही बोलू नका. फक्त तुमच्याकडची रीत सांगा."

"येतो की," मी म्हणालो.

त्या गेल्यावर लीना स्वयंपाकघरातून आली. ओट्यावर पालेभाजी तशीच पडलेली.

"पप्पा, तुम्ही जायचं नाही."

"अगं, पोरीची नोकरी..."

"मला कळतं हो. मीही परक्या देशात राबते, मला नाही कळणार? पण 'शूटिंगवर मी होतो' असं तुम्ही त्या घरात म्हणालात की खलास. टोनीची नोकरी, मुलांची शाळा... तुम्ही वसईला परत जाल. आम्हाला इथे राहायचंय."

तिच्या डोळ्यांत पाणी होतं. मी तिला दोष देत नाही. लीना, हे तू वाचशील, म्हणून स्पष्ट लिहितो. तू अडवलं नसतंस तरी मी गेलो असतो की नाही, सांगता येत नाही. कारण त्या घरात पुढचा प्रश्न निघाला असता, हा फोटो शोकेसमध्ये लावला कुणी?

ईसा टाउन

दुसऱ्या दिवशी नातवाच्या शाळेत खेळांच्या स्पर्धा होत्या. मी सकाळीच मुलांच्या शाळेच्या बसमागून टोनीच्या गाडीत बसून ईसा टाउनला गेलो. आते रेमी घरी येतील तेव्हा मी नसेन, एवढाच त्यात हेतू होता.

शाळा भारतीयांची. मैदानावर एवढी आपली मुलं, की क्षणभर देश विसरावा. लाऊडस्पीकरवर इंग्रजी, पालकांमध्ये मल्याळम, तमिळ, हिंदी, आणि एका कोपऱ्यात चक्क रायगडकडची मराठी, "अरे पळ ना मेल्या, बसतोस काय!" वारा सुटला होता. बारीक वाळू दातांत येत होती. नातू तिसरा आला आणि धापा टाकत माझ्याकडे धावत आला.

"ग्रँडपा, डिड यू सी?"

"बघितलं रे बघितलं."

मी काही बघितलं नव्हतं. शाळेच्या फाटकाबाहेर उभ्या राहिलेल्या प्रत्येक टॅक्सीकडे माझं लक्ष होतं. बाजारातून मुलांना खजूर घेऊन दिले, स्वतःसाठी एक लोकरी टोपी घेतली, उगाच दुकानांतून रेंगाळलो. घरी पोचलो तेव्हा लीना म्हणाली, "त्या आल्या होत्या. थोडा वेळ बसल्या. मग एकट्याच गेल्या."

मॅडमनी त्यांना दारातूनच परत पाठवलं. म्हातारा नाहीच, असं त्यांनी गृहीत धरलं.

पुन्हा चर्चचं आवार

त्यानंतरच्या शुक्रवारी मिस्सा संपला आणि आवारातल्या बायकांनी आते रेमींना घेरलं. मी जवळच कागदी कपात चहा घेऊन उभा होतो. लीनाने माझं कोपर धरलं होतं.

"चेहरा दाखवणार नाही म्हणालात!" जोसी ओरडत होती. "आणि भर बाजारात टांगलात!"

"पोस्टर झकास झालं हं," दुसरी एक जण म्हणाली. "तिकीट कुठे मिळेल?"

"आमच्या दुःखावर पिक्चर काढता, वर जाहिरातही आमचीच!"

आते रेमींनी पातेलं खाली ठेवलं. त्यांना तेव्हा सगळं ठाऊक होतं. हनीफकडे जाऊन त्यांनीच फोटो उतरवला होता, आणि हनीफ खोटं बोलणारा माणूस नव्हता. नुसतं माझ्याकडे बघितलं असतं तरी पुरे होतं. त्यांनी बघितलं नाही.

"पिक्चर माझं आहे," त्या म्हणाल्या. "जे झालं, माझ्या पिक्चरमध्ये झालं."

बायका पांगल्या. पातेल्यातला भात तसाच राहिला. त्या दिवशी कुणी जेवलं नाही.

मी लीनाचा हात सोडवून त्यांच्याजवळ गेलो. "आते, तो फोटो..."

"माहीत आहे."

"मग सांगितलं का नाहीत?"

"सांगून नेनिता राहिली असती का? त्या सकाळी सांगितलं असतं तर कदाचित राहिली असती. तुम्ही आला नाहीत." हे त्यांनी न रागावता सांगितलं. "आता तुम्ही बोललात तर तुमच्या मुलीलाही देश सोडावा लागेल. मला एकीलाच परत न्यायचं आहे, दोघींना नाही."

त्या भात झाकत म्हणाल्या, "सेटवर दिवा पडून कुणाला लागलं तर चूक दिवेवाल्याची असते. पण त्या पोराच्या आईकडे मी जाते. मनिलात निर्माती झालं की हे आलंच. तुमच्याकडे कोण जातं?"

"प्रॉडक्शन मॅनेजरला पाठवतात."

"तो काय सांगतो?"

"सांगतो, साहेब बाहेरगावी आहेत."

त्यांनी मान हलवली. मला हायसं वाटलं होतं. सुटलो, असं वाटलं होतं. पुढे वसईत मी कुमसार केला, फादरांपुढे पापाची कबुली दिली, त्यांनी क्षमा दिली, प्रायश्चित्त सांगितलं, मी ते केलं. पण कुमसारातलं बोलणं तिथेच राहतं. मनामात आते रेमींचं नाव घेतलं की लोक तोंड वाकडं करतात, ते तसंच राहिलं.

आणखी एक. त्या चित्रपटाची कॅसेट पुढे तिथे आली. मी पाहिली नाही, लीनाने सांगितलं. शवपेटी त्यात नाहीच. मुलगी जिवंत परत जाते, बाजा वाजतो, पिक्चर संपतं. सगळे म्हणाले, एवढं चांगलं चाललेलं पिक्चर निर्मातीने धंद्यासाठी शेवटी बिघडवलं. ते धंद्यासाठी नव्हतं. युनिट आवरताना डायरेक्टर त्यांच्यासमोर अक्षरशः रडला, तेव्हा मी तिथे होतो. "आते, तोच एक शॉट आहे हो या पिक्चरमध्ये!" त्या म्हणाल्या, "हो, तोच आहे. पण नेनिताचे हात तिची आई ओळखेल. थिएटरात बसून आईने ते बघायचं? नाही." आणि नवा शेवट त्यांनी तिथल्या तिथे सांगितला.

मुहर्रक

विमानतळ मुहर्रकला, समुद्र ओलांडून. नेनिताला निरोप द्यायला हनीफने मला गाडीतून नेलं. दोन्ही बाजूंना करडं पाणी, ओहोटीत उघडी पडलेली वाळू आणि तिच्यात कलंडलेल्या जुन्या होड्या.

आते रेमींनी बाकी युनिट आधीच पाठवून दिलं होतं. नेनिताच्या विमानाने जायला त्या मागे थांबल्या होत्या, थोड्या अंतरावर, एकट्या, छत्री घेऊन. जोसी आणि तिच्या मैत्रिणी नेनिताभोवती होत्या. पायाशी दोरीने आवळलेला मोठा खोका. त्यात काय असतं हे मला आता माहीत होतं. साबण, टॉवेल, चॉकलेटं, कुणाकुणाच्या मापाचे बूट. रजेवर जाताना न्यायचं म्हणून तिने महिनोन् महिने जमवलेलं.

मला बघून नेनिता पुढे आली. रडून चेहरा सुजला होता.

"लोलो," ती म्हणाली. लोलो म्हणजे आजोबा. "तुम्ही मला हसवलंत, म्हणून मी जिवंत परत जातेय. माझ्या गावच्या दोघी पेटीतून गेल्या."

मग तिने वाकून माझा उजवा हात घेतला आणि त्याची मागची बाजू आपल्या कपाळाला टेकवली. आमच्याकडे घरी रोजरीची जपमाळ म्हणून झाल्यावर मुलं थोरांचा आशीर्वाद घेतात, तशी ही त्यांची रीत. कपाळ तापलेलं होतं. जोसी मागून बघत होती, मान हलवत, कौतुकाने. सांगायचं असतं तर तो क्षण होता. माझ्या हातात तिचं कपाळ होतं, सगळ्या जणी ऐकायला होत्या.

मी हात मागे घेतला नाही. "सुखी राहा बाय," म्हणालो.

तिने डोळे पुसले, हातातली पिशवी उचलली आणि आत निघाली. आते रेमींच्या जवळून जाताना तिने मान दुसरीकडे वळवली. खोका मागेच राहिला होता. बाईंनी छत्री काखेत मारली, खोका ढकलगाडीवर चढवला, आणि थोडं अंतर ठेवून तिच्या मागोमाग नेऊ लागल्या.